ओसेलॉटला मासे खाऊ घालून मांजर होत नाही, खरंच नाही

माइनक्राफ्ट गेममधे जंगलात जा, ओसेलॉट (ठिपक्यांचं रानमांजर) शोध, कच्चा मासा दे, झालं तुझं मांजर... हा सल्ला अजूनही लोक नव्या पोरांना बिनधास्त देतात. मीपण मागे एकाला दिला होता आणि तो बिचारा अख्खी रात्र जंगलात मासे वाटत फिरला 😅

आता हे साफ खोटं आहे असंही नाही, पूर्वी खरंच असंच व्हायचं, पण २०१९ च्या १.१४ अपडेटमधे ओसेलॉट आणि मांजर हे दोन वेगळे प्राणी केले आणि सल्ला मात्र जुनाच फिरत राहिला. आता ओसेलॉटला कच्चा कॉड किंवा सॅमन दिलात तर तो फक्त तुमच्यावर विश्वास ठेवतो, म्हणजे बघून पळत नाही, एवढंच. मागे येत नाही, बस म्हटलं तर बसत नाही, पिल्लू झालं तरी तेही ओसेलॉटच.

मांजर हवंय ना, मग गावात जा. भटकी मांजरं तिथेच असतात, काळं हवं असेल तर दलदलीतल्या चेटकिणीच्या झोपडीपाशी. मासा हातात धरून गप्प उभं राहायचं, ते हळूहळू जवळ येतं आणि तेवढ्यात तुम्ही हललात की गेलं पळून. एका माशात जमेलच असं नाही, दरवेळी तीनात एक चान्स, म्हणून चार-पाच मासे जवळ ठेवा. क्रीपर (जवळ येऊन फुटणारा राक्षस) मात्र ओसेलॉट आणि मांजर दोघांनाही घाबरतो, तेवढं जुनं ज्ञान अजून चालतं.