सुलट, उलट आणि मधलं विज्ञान

लोकरीच्या गुंड्यातून हातभर धागा काढा आणि दोन्ही टोकं धरून ओढा. तो जेमतेम ताणला जातो. तीच लोकर स्वेटरच्या बाहीत असते, तेव्हा बाही हात घालताना सहज रुंदावते आणि हात काढला की पूर्ववत होते. हा लवचीकपणा येतो तो मुख्यतः धाग्याने घेतलेल्या वळणांतून. मागावरच्या कापडात उभे-आडवे धागे बरेचसे सरळ असतात, म्हणून ते कापड त्या दिशांना फारसं ताणत नाही. सुयांवरच्या विणकामात एकच धागा ओळीमागून ओळ फासे घेत जातो. कापड आडवं ओढलं की फासा पसरट होतो आणि त्याची उंची कमी होते. धागा तेवढाच राहतो, बदलतो फक्त फाशाचा आकार. ओढणं थांबलं की वाकवलेला धागा आपल्या सोयीच्या आकाराकडे परततो.

विणकाम शिकताना एवढं आधी कळलं, तर पुढच्या पुष्कळ गोष्टी पाठ कराव्या लागत नाहीत.

सुरुवातीला मध्यम जाडीची, गुळगुळीत, फिक्या रंगाची लोकर घ्यावी. गडद किंवा केसाळ लोकरीत टाके दिसतच नाहीत. सुया साधारण ४.५ ते ५ मिमीच्या, शक्यतो लाकडी किंवा बांबूच्या असाव्यात, कारण धातूपेक्षा त्यांवर घर्षण जास्त असतं आणि टाके आपोआप घसरत नाहीत. एका सुईवर २० टाके घाला, म्हणजे सुरुवातीचे २० फासे चढवा. उजवी सुई पहिल्या टाक्यात समोरून, डावीकडून उजवीकडे घाला, मागे असलेला धागा तिच्याभोवती फिरवा, तो फाशातून पुढे ओढून घ्या आणि जुना टाका डाव्या सुईवरून सोडून द्या. हा सुलट टाका. उलट टाक्यात धागा पुढे असतो, सुई उजवीकडून डावीकडे जाते आणि नवा फासा मागच्या बाजूला निघतो. खरं तर टाका एकच आहे. सुलट टाका मागून पाहिला की उलट दिसतो.

पण या दोन बाजूंची मांडणी बदलली की कापडाचा स्वभावच बदलतो, आणि मला विणकामातला हा सर्वांत सुंदर भाग वाटतो. एक ओळ सुलट आणि एक ओळ उलट विणली, तर समोरून सगळे टाके सुलट दिसतात. सगळ्या फाशांचं वाकणं एकाच बाजूचं असतं. प्रत्येक धागा थोडा सरळ व्हायला बघतो, आणि त्याला विरोध करणारं दुसऱ्या बाजूला काहीच नसतं. म्हणून या विणीच्या कडा गुंडाळतात: बाजूच्या कडा मागे, वरची आणि खालची पुढे. शिकाऊ माणूस हे पाहून हिरमुसतो, पण यात हाताचा काही दोष नाही.

आता दोन्ही ओळी सुलटच विणा. कापडाच्या प्रत्येक बाजूला सुलट आणि उलट ओळी आलटून पालटून येतात, एकमेकींचा कल खोडतात आणि कापड सपाट राहतं. उलट ओळी उंचवटे होऊन पुढे येतात, सुलट ओळी आत जातात, त्यामुळे कापड उभं चांगलं ताणतं. एक सुलट, एक उलट असे उभे पट्टे जुळवले तर याच्या नेमकं विरुद्ध होतं. सुलट पट्टे पुढे, उलट मागे, म्हणजे रुंदीत घड्या पडतात आणि कापड आडवं खूप ताणतं. मनगट, गळा आणि स्वेटरचा खालचा घेर या विणीने करतात तो यासाठीच. अमेरिकेतल्या जॉर्जिया टेक या संस्थेत एलिझाबेटा मात्सुमोतो यांच्या गटाने अशा साध्या विणींचा भौतिकशास्त्राच्या अंगाने अभ्यास केला आहे. धागा तोच ठेवून केवळ टाक्यांच्या क्रमाने कापडाचा ताठरपणा कसा बदलतो, हे त्यांनी प्रयोग आणि संगणकीय प्रारूपं वापरून तपासलं.

नवशिक्यांची सर्वांत मोठी अडचण मात्र वेगळीच असते: एक टाका घट्ट, दुसरा सैल. धागा चिमटीत दाबून धरला तर दर टाक्याला दाब बदलतो. म्हणून अनुभवी हात धागा करंगळीला वेढा देऊन, मग बाकीच्या बोटांवरून घेतात. जाडजूड दोर खुंट्याला दोन-तीन वेढे देऊन जहाज थोपवून धरतात, त्यामागचाच नियम इथे लागू होतो. वेढ्याचा कोन वाढतो तसं दोन टोकांच्या ताणांचं गुणोत्तर घातांकी पद्धतीने, म्हणजे दर वेढ्यागणिक तितक्याच पटीने, वाढत जातं. घर्षणांक (घर्षण किती आहे ते सांगणारा आकडा) ०.३ धरला, तर एका पूर्ण वेढ्याने सुईकडचा ताण गुंड्याकडच्या ताणाच्या सुमारे साडेसहा पट होतो, दोन वेढ्यांनी ४० पटींहून अधिक. म्हणून वेढे वाढवत नेणं शहाणपणाचं नाही. टाके फार आवळले तर आधी एक वेढा सोडून पाहावा, बोटांना दोष देऊ नये.

दुसरी हमखास चूक टाके वाढण्याची. ओळीच्या सुरुवातीला धागा सुईवरून मागे ओढला गेला, तर पहिला टाका ताणून त्याचे दोन्ही पाय वर येतात आणि दोन टाके असल्यासारखे दिसतात. दोन्ही विणले की टाका वाढला. दर ओळीअखेर टाके मोजावेत.

सुईवरून टाका गळाला तर घाबरायचं कारण नाही. प्रत्येक फाशाला त्याच्यातून गेलेला वरचा फासा धरून असतो. वरचा सुटला की खालचा मोकळा होतो आणि आडव्या धाग्यांची शिडी खाली उतरत जाते. क्रोशाच्या सुईने सर्वांत खालच्या फाशातून शिडीचा एकेक धागा ओढून घेत वर आलं की टाका परत सुईवर येतो. माझा आग्रह आहे की सरावाच्या तुकड्यात एक टाका मुद्दाम सोडावा, चार ओळी उसवू द्यावा आणि परत उचलावा. कापडाची रचना याच्याइतकी स्वच्छ दुसऱ्या कशाने कळत नाही.

अंगावर घालायचं काही करण्याआधी नमुन्याचा चौकोन विणणं टाळू नका. समजा, १० सेंमीत २२ टाके हवेत आणि तुमच्या हाताने २० बसतात. १०० सेंमी घेरासाठी सांगितलेले २२० टाके घातले, तर घेर ११० सेंमीचा होईल. फरक दिसला तर सुई एका मापाने बारीक घ्यावी. मोजायचं ते चौकोन धुऊन वाळवल्यावरच. लोकरीचा तंतू केराटिन या प्रथिनाचा असतो. पाण्याने त्यातले हायड्रोजन बंध सुटतात आणि वाळताना नव्या आकारात पुन्हा जुळतात, त्यामुळे वाकडेतिकडे टाके पुष्कळसे एकसारखे होतात. पाणी कोमट असावं आणि चोळणं नको. गरम पाण्यात घासलं तर तंतूंवरचे खवले एकमेकांत अडकतात, कापड आटून घट्ट होतं आणि ते मोकळं करता येत नाही. अ‍ॅक्रिलिकला खवले नसतात, त्यामुळे ते असं आटत नाही, पण त्याला उष्णतेचं भय आहे: इस्त्रीची वाफ जास्त लागली तर तंतू मऊ पडतात आणि टाक्यांची उसळी कायमची जाते.