अपडेटमुळे राऊटर बाद होतो, हा समज आणि वस्तुस्थिती

लातूर-परभणीकडे घरोघरी फायबरची जोडणी आली, तशी एक समजूतही आली: फर्मवेअर (राऊटर चालवणारे त्याच्या आतले सॉफ्टवेअर) अपडेट केले की राऊटर कायमचा बाद होतो, म्हणून चालत्या यंत्राला हात लावू नये. यात तथ्य आहे ते एवढेच, की राऊटरच्या फ्लॅश मेमरीत नवे फर्मवेअर लिहिले जात असताना वीज गेली, तर जुनी प्रत पुसलेली आणि नवी अर्धवट अशी अवस्था होऊन यंत्र पुन्हा सुरूच न होण्याची शक्यता असते. भारनियमनाचा अनुभव असलेल्या आपल्या भागात ही भीती अनाठायी नाही. पण तिच्यावरचा उपाय राऊटर इन्व्हर्टरवर घेणे हा आहे, अपडेट टाळणे हा नव्हे. दुसऱ्याच मॉडेलची फाइल चढवणे मात्र खरोखर घातक.

जुन्या फर्मवेअरमधील त्रुटींचा फायदा हल्लेखोर कसा घेतात, हे २०१८ मध्ये व्हीपीएनफिल्टर या घातक सॉफ्टवेअरने दाखवून दिले. त्याने जगभरात किमान ५ लाख यंत्रे बाधित केली आणि त्यांत घरगुती राऊटर मोठ्या संख्येने होते.

फायबरच्या बाबतीत आणखी एक गोष्ट ध्यानात घेतली जात नाही. सेवा पुरवठादाराने दिलेल्या राऊटरचे फर्मवेअर बहुधा तोच दूरवरून, अनेकदा रात्री, बदलतो. म्हणजे अपडेट नको म्हणणाऱ्यांच्या घरीही ते बहुधा होऊन गेलेले असते. अशा वेळी दिवे लुकलुकताना पाहून कोणी घाईने बटण बंद केले, तर घोटाळा होऊ शकतो. एलओएसचा (लॉस ऑफ सिग्नल, म्हणजे सिग्नल येत नसल्याचा) दिवा लाल असेल, तर दोष बहुतेक वेळा केबलचा असतो, फर्मवेअरचा नाही.