लडाखची उत्तर सरहद्द आणि तिचे कागद

'हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला' हे वाक्य मराठी घराघरांत पोचले आणि लडाखच्या ईशान्येकडच्या अक्साई चीन पठाराची गोष्ट आपल्या मनात १९६२ च्या युद्धाला कायमची जोडली गेली. त्या महिनाभराच्या लढाईवर वाचायला पुष्कळ आहे. पण लढाई ज्या जमिनीवरून झाली, तिचा इतिहास ज्याला समजून घ्यायचा आहे त्याने युद्धाची पुस्तके थोडी बाजूला ठेवावीत आणि दोन कागद आधी वाचावेत. पहिला मार्च १८९९ मधला, ब्रिटिशांनी चीनला दिलेली नोट. दुसरा १ जुलै १९५४ चा, पंतप्रधान नेहरूंचे टिपण.

त्याआधीची साधने थोडी आहेत. लडाखच्या राजवंशाची तिबेटी भाषेतली बखर हे सर्वांत जुने सलग साधन. १६८४ चा तिंगमोसगांगचा तह आपल्याला तिच्यातूनच कळतो, मूळ तहनामा हाती नाही. या तहात लडाखच्या राजाने मिन्सार नावाचे एक गाव स्वतःकडे राखले. ते तिबेटच्या पार आत, मानसरोवराच्या बाजूला. कारण काय, तर कैलास आणि मानसरोवर इथल्या दिव्यांचा खर्च त्या गावाच्या उत्पन्नातून भागावा. या गावाचा सारा पुढे विसाव्या शतकापर्यंत लडाखकडे येत राहिला. पुढचा तह १८४२ चा, जम्मूच्या डोगरा राजांच्या सेनेच्या तिबेट मोहिमेनंतरचा. त्यात जुन्या हद्दी कायम ठेवल्या, पण त्या कुठून कुठे जातात ते लिहिलेच नाही.

मिन्सारसारखी व्यवस्था नकाशावर रेघ ओढून दाखवता येत नाही. इंग्रजी कागदांत 'फ्रंटियर' आणि 'बाउंडरी' असे दोन वेगळे शब्द येतात. आपण दोन्हींना सरसकट 'सीमा' म्हणतो आणि घोळ तिथूनच सुरू होतो. मी फ्रंटियरला सरहद्द म्हणतो: एका सत्तेचा अंमल विरळ होत जातो आणि दुसरीचा हळूहळू सुरू होतो, असा रुंद पट्टा. बाउंडरी म्हणजे सीमारेषा. ती दोन पक्षांनी बसून ठरवायची, नकाशावर आखायची, मग जमिनीवर खांब रोवायचे. अक्साई चीनमध्ये यातली पहिली पायरीसुद्धा दोघांनी मिळून कधी चढलेली नाही. सुमारे पाच हजार मीटर उंचीच्या, कायम वस्ती नसलेल्या त्या मिठागरी पठारावर सारा घ्यायला माणूसच नव्हता. मग हक्काचा पुरावा आणायचा कुठून?

१८६५ मध्ये एक सर्वेक्षक लेहहून शिनजियांगमधल्या खोतानला गेला आणि त्याने काश्मीरची हद्द थेट कुनलुन पर्वतापर्यंत नेली, म्हणजे अक्साई चीन काश्मीरमध्ये धरले. पुढे त्याला काश्मीरच्या महाराजांनीच लडाखच्या कारभारावर नेमले. त्याच्या टीकाकारांनी ही नेमणूक पुन्हा पुन्हा पुढे केली आहे. त्याच्या कामाची किंमत तेवढ्यावरून ठरवणे मला अन्यायाचे वाटते, कारण इतक्या दूरवर जाऊन मोजमाप करणारे फार थोडे होते.

१८९९ च्या नोटमध्ये ब्रिटिशांनी पेकिंगला, म्हणजे आजच्या बीजिंगला, वेगळी रेषा सुचवली. तिचे वर्णन मुळातून वाचण्यासारखे आहे. काराकोरम खिंडीपासून पूर्वेला अर्धा अंश, म्हणजे १०० ली (ली हे चिनी अंतरमाप). मग दक्षिणेला पस्तिसाव्या अक्षांशाच्या किंचित खाली. मग 'आमच्या नकाशांत जो कराकाशचा उगम दाखवला आहे' त्याला वळसा घालून लाकत्सांग डोंगररांगेकडे. लिहिणाऱ्याला स्वतःच्या नकाशाचीही पुरती खात्री नव्हती, हे त्या शब्दांतच दिसते. या रेषेने अक्साई चीनचा बराच भाग चीनकडे आणि लिंगझी तांगचे मैदान भारताकडे राहत होते. चीनने उत्तर दिले नाही. नकार नाही, होकारही नाही.

स्वतंत्र भारताच्या १९५० च्या नकाशावर या टापूत 'सीमा अनिर्धारित' असे छापलेले होते. एप्रिल १९५४ मध्ये भारत आणि चीनमध्ये तिबेटविषयीचा करार झाला. त्यात सीमेचा विषयच नव्हता. त्यानंतर १ जुलैला पंतप्रधानांनी टिपण लिहिले: जुने नकाशे तपासा, गरज असेल तिथे मागे घ्या, नवे छापा; ही सरहद्द पक्की मानायची आणि तिच्यावर कोणाशीही चर्चा नाही. नव्या नकाशावरून 'अनिर्धारित' हा शब्द गेला आणि सलग रेषा आली.

या एका निर्णयावर इतिहासकारांचे दोन तट आहेत. एक म्हणतो, हा एकतर्फी नकाशाबदल आणि १९६२ चे मूळ तिथेच. दुसरा म्हणतो, दावा जुनाच होता, फक्त स्पष्ट केला. मला दुसरा तट राजकारण म्हणून पटतो. शेजारी तिबेटात चीनचे सैन्य आले असताना 'अनिर्धारित' लिहून ठेवणे कोणत्याच सरकारला परवडले नसते. इतिहास म्हणून मात्र पटत नाही. त्याच टिपणात पुढे 'वादग्रस्त मानता येतील' अशा जागी चौक्या बसवा असेही म्हटले आहे. वाद असू शकतो हे लिहिणाऱ्याला माहीत होते. शिवाय मूळ शब्द फ्रंटियर आहे आणि छापली गेली ती बाउंडरी.

चौक्या अक्साई चीनपर्यंत वेळेत पोचल्या नाहीत. १९५७ मध्ये चीनने शिनजियांग-तिबेट रस्ता पूर्ण झाल्याचे जाहीर केले. भारताने त्यावर आक्षेपाची नोट दिली ती ऑक्टोबर १९५८ मध्ये.

१९६० मध्ये दोन्ही देशांचे अधिकारी पेकिंग, दिल्ली आणि रंगूनमध्ये बसले. त्यांचा १९६१ चा अहवाल हे या विषयावरचे सर्वांत उपयुक्त एकत्रित साधन. दोघांचे पुरावे त्यात आमनेसामने आहेत. सारावसुलीच्या नोंदी आहेत, मिन्सारही आहे. तो वाचताना दर नोंदीपाशी विचारावे: हा पुरावा त्याच जागेचा आहे का शेजारच्या दरीचा?

युद्धानंतरच्या लष्करी चौकशीचे निष्कर्ष सप्टेंबर १९६३ मध्ये संरक्षणमंत्र्यांनी संसदेत थोडक्यात सांगितले. हे संरक्षणमंत्री म्हणजे तोच धावून गेलेला सह्याद्री. मूळ अहवाल सरकारने अजून प्रसिद्ध केलेला नाही. त्याचा काही भाग २०१४ मध्ये एका परदेशी पत्रकाराने इंटरनेटवर टाकला. १९५४ चे टिपण मात्र पंतप्रधानांच्या निवडक लेखनाच्या खंडांत छापलेले आहे. ते कोणालाही वाचता येते.