४३ सेकंदांचा खंड, २४ तासांची निस्तरणी

२१ ऑक्टोबर २०१८. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर गिटहब या प्रोग्रामरांचा कोड साठवणाऱ्या संकेतस्थळाचं एक बिघडत चाललेलं ऑप्टिकल उपकरण बदलायचं काम चालू होतं. नेहमीचंच काम. त्यात तिथल्या मुख्य डेटा सेंटरचा बाहेरच्या नेटवर्कशी संपर्क तुटला, तो फक्त ४३ सेकंद. सेवा पूर्ववत व्हायला मात्र २४ तास ११ मिनिटं लागली.

गिटहबच्या मायएसक्यूएल डेटाबेसच्या प्रती दोन्ही किनाऱ्यांवर होत्या. नवी नोंद आधी पूर्वेच्या मुख्य प्रतीत व्हायची, मग पश्चिमेला पोचायची. पूर्व दिसेनाशी होताच स्वयंचलित यंत्रणेने पश्चिमेच्या प्रतींना मुख्य नेमलं आणि त्यांच्यात नवं लिखाण सुरू झालं. पण पूर्वेत नुकत्याच झालेल्या काही नोंदी पश्चिमेला पोचल्याच नव्हत्या. संपर्क परत आला तेव्हा दोन्हीकडे एकमेकींत नसलेल्या नोंदी होत्या. आता खरी प्रत कुठली?

नेटवर्क तुटलं की एक तर उत्तर देणं थांबवा, नाही तर दोन ठिकाणी दोन उत्तरं निघण्याचा धोका पत्करा, हे संगणकशास्त्रज्ञ एरिक ब्रूअर यांनी २००० मध्ये मांडलं. सेथ गिल्बर्ट आणि नॅन्सी लिंच यांनी २००२ मध्ये ते सिद्ध केलं. हाच कॅप (CAP) सिद्धांत: सुसंगती (सगळीकडे एकच उत्तर), उपलब्धता (उत्तर मिळतच राहणं) आणि नेटवर्क तुटलं तरी चालत राहणं, हे तिन्ही एकाच वेळी मिळत नाही. ‘तिनांतले कुठलेही दोन निवडा’ ही त्याची लोकप्रिय मांडणी फसवी आहे, असं पुढे ब्रूअर यांनीच लिहिलं. नेटवर्क तुटणं आपल्या मर्जीवर थोडंच असतं!

ॲमेझॉनच्या डायनॅमो या डेटा साठवण्याच्या यंत्रणेने (२००७) दुसरी बाजू धरली. खरेदीची यादी कधीही बदलता आली पाहिजे, प्रती वेगळ्या झाल्या तर नंतर एकत्र करू. त्यात काढून टाकलेली वस्तू कधीकधी यादीत परत उगवे. चालून जातं; पैसे भरण्याआधी गिऱ्हाईक यादी बघतंच.

गिटहबच्या नोंदी अशा सहज एकत्र करता येण्यासारख्या नव्हत्या. तिथल्या अभियंत्यांनी डेटा वाचवायचं ठरवलं, काही सेवा मुद्दाम थांबवल्या आणि बॅकअपमधून प्रती पुन्हा उभ्या केल्या. माझ्या मते गोम इथे आहे: यंत्रणेने काही सेकंदांत उपलब्धता निवडली होती आणि माणसांना हवी होती सुसंगती. हा निर्णय संकटाच्या वेळी झालाच नाही. तो कॉन्फिगरेशनमध्ये आधीच लिहून ठेवलेला होता. नंतर गिटहबने बदल ठरवला तोही तिथेच: मुख्य प्रत आपोआप दुसऱ्या किनाऱ्यावर न्यायची नाही.