ग्रेलचं मंदिर: आधी काव्यात, मग दगडात

पवित्र ग्रेलची गोष्ट पहिल्यांदा लिहिली गेली तेव्हा तिच्यात मंदिर नव्हतं. फ्रेंच कवी क्रेतियँ द त्र्वा याने 1180च्या दशकात रचलेल्या, अर्धवट राहिलेल्या काव्यात पर्सव्हल नावाचा तरुण एका जखमी राजाच्या गढीत जेवायला बसतो आणि त्याच्यासमोरून एक मुलगी रत्नजडित पात्र घेऊन जाते. ते पात्र म्हणजे ग्रेल. पुढे रोबेर द बोराँने त्याला येशूच्या शेवटच्या भोजनातलं भांडं केलं, तर 1210च्या आगेमागे जर्मन कवी वोल्फ्राम फोन एशेनबाखने त्याचा चक्क दगड करून टाकला. वस्तू बदलत गेली, जागा मात्र किल्लाच राहिली. वोल्फ्रामच्या काव्यात किल्ल्यातल्या मंदिराचा ओझरता उल्लेख आहे, पण ते दिसतं कसं हे सांगण्यात त्याला रस नव्हता.

पुढच्या दोन पिढ्यांना तो रस आला, कारण क्रेतियँच्या काळापासून बरंच काही घडलं होतं. 1187 साली सलादिनने जेरुसलेम जिंकून घेतलं. त्याआधी जवळपास नव्वद वर्षं क्रुसेडर, म्हणजे युरोपातून आलेले ख्रिस्ती धर्मयोद्धे, तिथल्या 'डोम ऑफ द रॉक'ला प्रभूचं मंदिर मानत होते आणि शेजारच्या अल-अक्सा मशिदीत टेम्पलर या संन्यासी योद्ध्यांच्या पंथाचा मुक्काम होता. वोल्फ्रामने ग्रेलच्या राखणदारांना दिलेलं नाव टेम्पलरांच्या नावावरूनच घडवलेलं वाटतं. मग 1204 मध्ये पश्चिमेकडच्या ख्रिस्ती फौजांनी ख्रिस्ती असलेलं कॉन्स्टँटिनोपलच लुटलं आणि तिथले पवित्र अवशेष, म्हणजे येशू आणि संतांच्या मानल्या जाणाऱ्या वस्तू, युरोपभर पांगले. फ्रान्सच्या नवव्या लुईने 1239 साली येशूचा म्हणून मानला जाणारा काटेरी मुकुट मिळवला आणि त्यासाठी 1,35,000 लिव्र (तेव्हाचं फ्रेंच चलन) मोजले. तो ठेवायला पॅरिसमध्ये बांधलेल्या सेंत-शापेल या प्रार्थनागृहाचा खर्च मात्र सुमारे 40,000 लिव्र. 1248 मध्ये सेंत-शापेलची प्रतिष्ठापना झाली आणि त्याच वर्षी कोलोनच्या कॅथेड्रलचा पाया घातला गेला. सगळीकडे असं बांधकाम चालू असताना सर्वांत मोठ्या अवशेषाला, म्हणजे ग्रेलला, नुसत्या गढीत ठेवणं कवींनाही कमीपणाचं वाटलं असणार, असा माझा अंदाज आहे.

ती उणीव भरून काढली आल्ब्रेख्ट या कवीने, 1270च्या सुमारास. वोल्फ्रामच्या अपुऱ्या तुकड्यांवरून त्याने सहा हजारांहून जास्त कडव्यांचं काव्य रचलं आणि बराच वेळ आपणच वोल्फ्राम आहोत असं वाचकाला भासवत राहिला. आज ते 'धाकटा टिटुरेल' म्हणून ओळखलं जातं. त्यात मंदिराच्या वर्णनालाच शंभराच्या आसपास कडवी दिली आहेत.

काव्यातला राजा टिटुरेल ऑनिक्स दगडाचा डोंगर साफ करून घासून चकाकवतो, तेव्हा एका सकाळी त्या पृष्ठभागावर मंदिराचा आराखडा आपोआप उमटलेला दिसतो. वास्तू गोल आहे आणि भोवती उपासनेची दालनं आहेत. ती काही हस्तलिखितांत 72, तर काहींत 22. खिडक्या स्फटिकाच्या, मधल्या छतावर नीलमण्यांचं आकाश आणि त्यात सूर्यचंद्र. शिखरांवर लालबुंद रत्नं, रात्री रानातून परतणाऱ्या योद्ध्यांना वाट दिसावी म्हणून. मध्यभागी याच मंदिराची छोटी प्रतिकृती आहे आणि ग्रेल तिच्यात आहे. रत्नांचा बराचसा भाग बायबलच्या शेवटच्या ग्रंथातल्या स्वर्गीय जेरुसलेमवरून उचललेला आहे, त्यात नवल नाही. मला गंमत वाटते ती फरशीची. पारदर्शक स्फटिकाखाली मासे आणि सागरी प्राणी आहेत आणि बाहेरून नळ्यांनी हवा सोडली की ते हलतात. सोन्याच्या झाडावरचे पक्षीही भात्याच्या वाऱ्यावर गातात. चमत्काराने आराखडा मिळवलेल्या इमारतीत कवीने यंत्रांची सोय मात्र नीट लावून दिली आहे.

काव्याच्या शेवटी पापी झालेला पश्चिम सोडून ग्रेल भारतात जातो आणि प्रार्थनेच्या बळावर मंदिरही मागोमाग येतं. हा भारत अर्थात नकाशावरचा नव्हे. 1165च्या सुमारास युरोपात फिरलेल्या एका बनावट पत्राने 'प्रेस्टर जॉन' या ख्रिस्ती पुरोहित-राजाचं जे वैभवशाली राज्य रंगवलं होतं, ते हे.

नंतर राजेलोकांनी हे वर्णन मनावर घेतलं, असं अभ्यासकांचं म्हणणं. बव्हेरियाच्या लुडविग चौथ्याने 1330 मध्ये स्थापलेल्या एटाल मठाचं चर्च बारा बाजूंचं होतं आणि तिथे संन्याशांबरोबर सपत्नीक सरदारांनाही जागा होती. सम्राट चार्ल्स चौथ्याच्या कार्लश्टाइन किल्ल्यातलं, 1365 साली प्रतिष्ठापना झालेलं प्रार्थनागृह तर सोन्याने मढवलेल्या आणि रत्नं जडवलेल्या भिंतींचं, छतावर चांदण्यांचं. एटालबाबत वाद आहे. कार्लश्टाइनबाबत मला ते पटतं, मात्र स्वर्गीय जेरुसलेमचं नाव तिथेही आधी घ्यावं लागेल. फिनलंडचे कलेतिहासकार लार्स-इवार रिंगबोम यांनी 1951 मध्ये उलट्या दिशेने शोध घेतला आणि मंदिराचं मूळ इराणातल्या तख्त-ए-सुलेमान या प्राचीन स्थळाला नेऊन भिडवलं. कल्पना मोहक आहे, पुरावा विरळ.

एकोणिसाव्या शतकात कोलोन कॅथेड्रल पूर्ण व्हावं म्हणून झटणाऱ्या सुल्पित्स बोइसरे यांनी आल्ब्रेख्टच्या कडव्यांवरून मंदिराचे आराखडे काढले. बव्हेरियाच्या लुडविग दुसऱ्याने नॉयश्वानश्टाइन किल्ल्यातलं सिंहासनाचं दालन ग्रेलच्या सभागृहाच्या कल्पनेवर बेतलं. 1886 मध्ये तो वारला आणि सिंहासन बसवायचं राहूनच गेलं. त्याच्याच आश्रयाखाली असलेल्या संगीतकार वाग्नरच्या, पर्सव्हलच्याच गोष्टीवरच्या 'पार्सिफाल' ऑपेराचा पहिला प्रयोग 1882 मध्ये बायरॉइटला झाला. पाउल फोन जुकोव्स्की यांनी त्यातलं मंदिर इटलीतल्या सिएनाच्या कॅथेड्रलवरून रंगवलं होतं. हे नेपथ्य 1933 पर्यंत टिकलं. ते बदलायचं ठरलं तेव्हा जुन्या भक्तांनी सह्यांचं निवेदन दिलं. ज्या पडद्यांवर खुद्द वाग्नरची नजर पडली, त्यांना हात लावू नये, अशी त्यांची मागणी होती. ती मानली गेली नाही. 1934 मध्ये आल्फ्रेड रोलर यांचं नवं मंदिर रंगमंचावर उभं राहिलं.