बोरकोश्तोलो (हंगेरियन वाइन-टेस्टिंग)

बोरकोश्तोलो : जाणत्या यजमानाच्या मार्गदर्शनाखाली, ठरलेल्या क्रमाने आणि सोबत खाणे घेऊन वाइन चाखण्याची हंगेरीतील बैठक. हंगेरियन भाषेत ‘बोर’ म्हणजे वाइन आणि ‘कोश्तोलो’ म्हणजे चाखणे. मराठी कानाला बोर म्हटले की काटेरी झाडावरचे आंबटगोड फळ आठवते. हा निव्वळ योगायोग. पण आंबटगोड हे विशेषण या देशाच्या सर्वांत नामांकित वाइनलाही चपखल बसते. युरोपातील बहुतेक भाषांमधला वाइनचा शब्द लॅटिन ‘विनुम’च्या कुळातला आहे. हंगेरियन ‘बोर’ मात्र तुर्की भाषाकुळातून आला असे मानतात. मग्यार (हंगेरियनांच्या पूर्वज) टोळ्या कार्पेथियन खोऱ्यात स्थिरावण्यापूर्वीच त्यांना वाइन ठाऊक होती, याची ही खूण समजली जाते.

देशात 22 वाइन-प्रदेश आहेत. क्षेत्रफळाने सर्वांत मोठा कुनशाग, सर्वांत लहान शोमलो. बाहेरच्या जगाला मात्र दोनच नावे माहीत असतात : तोकाय (ईशान्येची गोड वाइन) आणि ‘बैलाचे रक्त’ (एगर गावची तांबडी वाइन). बोरकोश्तोलोचा खरा उपयोग या दोन नावांच्या मधली रिकामी जागा भरून काढण्यासाठी होतो.

बैठकीची रीत : बैठक बहुधा ‘पिंत्से’त, म्हणजे तळघरात भरते. तोकाय भागातील तळघरे ज्वालामुखीच्या राखेपासून बनलेल्या मऊ खडकात कोरलेली आहेत. आत वर्षभर 10 ते 12 अंश सेल्सिअस तापमान आणि दाट ओलावा असतो. भिंतींवर, पिंपांवर, पडून राहिलेल्या बाटल्यांवर मखमलीसारखी काळी बुरशी चढलेली असते. नवख्या पाहुण्याला ती अस्वच्छता वाटते. यजमान तिच्यावरून कौतुकाने हात फिरवतो. पिंपातून उडणाऱ्या अल्कोहोलच्या वाफेवर ही बुरशी पोसली जाते. दक्षिणेत हायोश गावाला तर तळघरांची वेगळी वस्तीच आहे. अशी हजाराहून अधिक लहान घरे तिथे रांगेने उभी आहेत, आणि त्यांत माणसांऐवजी वाइन राहते.

यजमान पुष्कळदा स्वतःच वाइन बनवणारा असतो. पिंपातून नमुना काढायला तो ‘लोपो’ नावाची फुगीर पोटाची लांब काचनळी वापरतो. तोंडाने ओढून वाइन नळीत घ्यायची, वरचे टोक अंगठ्याने दाबायचे आणि पाहुण्यांच्या पेल्यांत थोडी थोडी सोडायची. या नावाच्या मुळाशी ‘चोरणे’ हे क्रियापद आहे. पिंपाला पत्ता न लागता काढून घेणारी ती नळी! एका बैठकीत साधारण पाच ते आठ वाइन येतात. प्रत्येकीचा घोट अर्धा ते एक डेसिलिटर. हंगेरीत वाइनचा हिशोब ‘देत्सी’त (डेसिलिटरमध्ये, म्हणजे 100 मिलिलिटरमध्ये) चालतो, खानावळीतही गिऱ्हाईक दोन देत्सी मागते. न प्यालेली वाइन टाकायला भांडे ठेवलेले असते आणि ते वापरण्यात यजमानाचा अपमान होत नाही. गाडी चालवणाऱ्याच्या रक्तात अल्कोहोल अजिबात असू नये असा हंगेरीचा कायदा असल्याने त्या भांड्याला मान आहे.

पेले भिडवून ‘एगेश्शेगेद्रे’ (तुझ्या आरोग्यासाठी) म्हणतात. बिअरचे पेले मात्र जुन्या वळणाची माणसे भिडवत नाहीत. 6 ऑक्टोबर 1849 रोजी आराद येथे ऑस्ट्रियाने 13 हंगेरियन सेनानींना देहदंड दिला, तेव्हा विजेत्यांनी बिअरचे पेले भिडवले अशी आख्यायिका आहे. दीडशे वर्षे तसे करायचे नाही असे ठरले म्हणतात. ती मुदत 1999 मध्ये संपली, सवय राहिली.

दोन वाइनच्या मध्ये ‘पोगाचा’ खातात. ही तळहातात मावणारी खारी, पदर सुटणारी बनपावासारखी वस्तू. चीजची किंवा चरबीच्या कुरकुरीत चुऱ्याची. जीभ पुसून काढणे हे तिचे काम, पण गरम पोगाचा पुढ्यात आली की ते काम कोणाच्या लक्षात राहत नाही.

क्रम आणि त्यामागचे कारण : कोरड्या (गोडवा नसलेल्या) पांढऱ्या वाइनपासून सुरुवात, मग रोझे (गुलाबी) किंवा हलकी तांबडी, मग भारी तांबडी आणि शेवटी गोड. गोड आधी घेतली तर नंतरची कोरडी वाइन नुसती आंबट लागते, हे उघड कारण. हंगेरीपुरते दुसरेही एक कारण आहे. इथल्या पांढऱ्या वाइनचा कणा आंबटपणा हा आहे, आणि शेवटी येणाऱ्या गोड वाइनचे रहस्यही तोच. फुरमिंट या तोकायच्या पांढऱ्या द्राक्षाच्या कोरड्या वाइनचा आंबटपणा जिभेने आधी नीट ओळखला असेल, तरच एवढी साखर असूनही आसू ही तोकायची गोड वाइन चिकट का लागत नाही हे कळते. म्हणून थेट आसूची बाटली उघडणारा पर्यटक शेवटचे पान आधी वाचतो.

जेवणाशी जोडीही याच आंबटपणावर उभी आहे. हंगेरियन स्वयंपाक चरबीचा आहे : डुकराची चरबी, हंसाचे यकृत, आंबट साय, सॉसेज. त्यावर आंबट वाइनचा घोट म्हणजे जेवताना मध्येच घेतलेली लिंबाची फोड. आपल्याकडे पेल्याशेजारी येतो तो चकणा. बोरकोश्तोलोतले खाणे त्या अर्थाने चकणा नव्हे. वाइनबद्दल यजमान जे सांगतो त्याची ती परीक्षा असते. आधी नुसता घोट, मग घास, मग पुन्हा घोट. दुसरा घोट पहिल्यापेक्षा वेगळा लागला तर जोडी जमली किंवा फसली, यांपैकी काहीतरी नक्की घडले.

पांढऱ्या वाइन : बालातोन सरोवराभोवती ओलास्रिझलिंग पिकते. नावात ‘रिझलिंग’ असले तरी जर्मन रिझलिंगशी तिचे नाते नाही. शेवटी कडू बदामाची छटा सोडणारी ही वाइन सरोवरातल्या तळलेल्या माशाबरोबर देतात. तिथल्याच बादाचोन्य या बसाल्टच्या डोंगरावर केकन्येल्यू (‘निळ्या देठाचे’) नावाचे द्राक्ष आहे. त्याची फुले फक्त मादी असल्याने शेजारी परागासाठी दुसऱ्या जातीच्या वेली लावाव्या लागतात. एवढा खटाटोप करूनही पीक कमीच, म्हणून ते दुर्मीळ झाले.

शोमलो हा विझलेला ज्वालामुखी. मैदानात एकटाच उभा. तिथले युहफार्क म्हणजे ‘मेंढीची शेपटी’, कारण घड लांबट आणि टोकाशी वळलेला असतो. वाइन धारदार, राखट, जराही लाडीगोडी न लावणारी. लग्नाच्या रात्री ती प्यायल्यास मुलगा होतो, अशी समजूत होती आणि हाब्सबुर्ग या ऑस्ट्रियाच्या राजघराण्यालाही ती चिकटवली गेली. आज ही गोष्ट विक्रीपुरती उरली आहे. याच डोंगराचे नाव लावणारी ‘शोमलोई गालुश्का’ ही मिठाई (केक, अक्रोड, रम, चॉकलेट आणि फेटलेली साय) युहफार्कबरोबर मागवण्याचा मोह पाहुण्यांना होतो. टाळावा. मिठाईपुढे ही वाइन लोखंडासारखी लागते. हंसाच्या चरबीत शिजलेल्या मांसाबरोबर तीच वाइन खुलते.

तांबड्या वाइन : एगरची बिकावेर, म्हणजे ‘बैलाचे रक्त’, ही एका द्राक्षाची नव्हे, अनेक द्राक्षांच्या मिश्रणाची वाइन. 1552 मध्ये इश्त्वान दोबो याने सुमारे 2,000 माणसांनिशी एगरचा किल्ला ओटोमन फौजेविरुद्ध लढवला. दाढ्यांवर ओघळलेली तांबडी वाइन पाहून वेढा घालणाऱ्यांना वाटले की हे बैलाचे रक्त पितात, अशी कथा आहे. गोष्ट रंगतदार आहे, पण त्या काळी एगर पांढऱ्या वाइनचा मुलूख होता आणि हे नाव लेखी आढळते ते एकोणिसाव्या शतकात. समाजवादी काळात बिकावेर स्वस्त निर्यातीचा माल झाली आणि नावाला बट्टा लागला. आता नियमाने किमान तीन जाती लागतात आणि केकफ्रांकोश या तांबड्या द्राक्षाला त्यांत अग्रस्थान आहे. दक्षिणेतील सेक्सार्द भागाची स्वतंत्र बिकावेर आहे. तिच्यात कादार्का असावीच लागते.

कादार्का बाल्कन प्रदेशातून आली. पातळ सालीची, उशिरा पिकणारी, पावसात लगेच सडणारी. ठोक उत्पादनाच्या दिवसांत असल्या नखरेल द्राक्षाचा निभाव लागला नाही. तिची वाइन फिकट आणि मसालेदार असते. लाल पॅप्रिकाने पेटलेल्या ‘हालास्ले’ या मासळीच्या रश्शासोबत ती थोडी थंड करून द्यावी. बहुतेकांच्या मते माशासोबत तांबडी वाइन चालत नाही, तो समज इथे मोडतो. दक्षिणेतील विल्लान्यची काबेर्ने फ्रां ही याउलट भारदस्त. ती ‘प्योर्क्योल्त’ या घट्ट मांसरश्शाबरोबर येते. मात्र रस्सा तिखट पॅप्रिकाचा असेल तर तुरट तांबडी वाइन आग वाढवते.

शाकाहाऱ्याने आधी विचारून घ्यावे, कारण भाजीतही चरबीची फोडणी असते. ढोबळी मिरची-टोमॅटोचे ‘लेचो’, मश्रूमचे प्योर्क्योल्त आणि कांदा-पॅप्रिका घातलेले मऊ चीज ‘क्योर्योझ्योत’ यांवर बैठक उत्तम निभावते. यांतल्या क्योर्योझ्योतची आणि कोरड्या फुरमिंटची जोडी कोणत्याही मांसाच्या ताटापुढे कमी पडणारी नाही.

तोकाय आणि आसू : ईशान्य हंगेरीत बोद्रोग आणि तिसा या नद्यांच्या संगमाशी तोकाय गाव आहे. शरदात नद्यांवरून सकाळी धुके चढते, दुपारी ऊन पडते. या आलटून-पालटून मिळणाऱ्या ओलाव्या-उन्हात द्राक्षांवर बोट्रायटिस ही बुरशी धरते. घडावर बुरशी दिसली की एरवी कोणत्याही बागायतदाराच्या पोटात गोळा येतो. भुरी आणि डावणीशी झुंजणाऱ्या नाशिककराला ते सांगायला नको. तोकायमध्ये तिची वाट पाहतात. बुरशी सालीला सूक्ष्म छिद्रे पाडते, पाणी उडून जाते, साखर आणि आम्ल दोन्ही दाट होतात. असा सुकलेला मणी म्हणजे ‘आसू’. दिसायला बेदाण्यासारखा, पण बेदाण्याला हा मधाचा, जर्दाळूचा, संत्र्याच्या सालीचा वास कधी येत नाही.

हे मणी एकेक करून हाताने वेचतात, मग रसात किंवा नव्या वाइनमध्ये भिजवून पिळतात. मणी भरायच्या पाठीवरच्या टोपलीला ‘पुत्तोन्य’ म्हणत. 136 लिटरच्या गोंत्सी पिंपाला किती टोपल्या घातल्या यावर वाइनचा दर्जा ठरे. म्हणून बाटलीवर ‘5 पुत्तोन्योश’ असे आकडे येतात. आज टोपल्या मोजत नाहीत, साखर मोजतात. 2013 च्या नियमांनुसार आसूत लिटरमागे किमान 120 ग्रॅम साखर हवी, सहा पुत्तोन्योशसाठी 150 ग्रॅम, आणि ओकच्या पिंपात किमान 18 महिने मुरवणे. आसूचा शोध 1630 च्या सुमारास सेप्शी नावाच्या धर्मोपदेशकाने लावला असे शाळेत शिकवत. 1571 च्या एका दस्तऐवजात आसू वाइनचा उल्लेख सापडल्यावर त्या कथेची कथाच उरली. 1737 मध्ये राजाज्ञेने या प्रदेशाच्या सीमा आखल्या गेल्या आणि 2002 मध्ये युनेस्कोने त्याला जागतिक वारशाचा दर्जा दिला. देशाच्या राष्ट्रगीतातही तोकायच्या वेलींचा उल्लेख आहे.

न वेचता, सुके आणि ताजे मणी असलेला अख्खा घड पिळला की ‘सामोरोदनी’ होते. शब्द पोलिश, अर्थ ‘जशी जन्मली तशी’. ती गोडही असते आणि कोरडीही. कोरडी सामोरोदनी अक्रोडासारखी लागते, आणि बैठकीत सर्वांत जास्त वाद तिच्यावरूनच होतात.

आसूची रूढ जोडी हंसाच्या यकृताची. हंगेरी त्याचा मोठा उत्पादक आहे. निळ्या बुरशीच्या चीजसोबतही ती छान जमते, कारण खारट आणि गोड यांच्या मधोमध आम्ल उभे राहते. अतिगोड मिठाईबरोबर मात्र आसू फिकी पडते. पदार्थ वाइनपेक्षा कमी गोड असावा. दहा-बारा अंशांवर, लहान पेल्यात दिलेली बरी.

बैठकीच्या अगदी शेवटी, यजमान खूश असेल तर, ‘एसेंत्सिया’ येते. रचलेल्या आसू मण्यांच्या स्वतःच्याच वजनाने निथळलेला हा रस. लिटरमागे किमान 450 ग्रॅम साखर असल्याने यीस्ट त्यात कसेबसे जगते. आंबायला वर्षे लागतात, आणि अल्कोहोल बिअरइतकेही होईल याची खात्री नाही. तो पेल्यातून नव्हे, चमच्यातून देतात.

लेबल वाचताना : ‘साराझ’ म्हणजे कोरडी, ‘एदेश’ म्हणजे गोड, ‘फेलसाराझ’ आणि ‘फेलएदेश’ यांच्या मधल्या. ‘फेहेर’ पांढरी, ‘व्योर्योश’ तांबडी. ‘द्यूल्यो’ हा शब्द दिसला तर वाइन एका ठरावीक मळ्याची आहे. 1990 नंतर सरकारी मक्तेदारी मोडली, मळे खासगी हातांत गेले, परदेशी भांडवल आले आणि मळ्याचे नाव पुन्हा बाटलीवर झळकू लागले. आसू ओळखायला अर्ध्या लिटरची, लांब मानेची बाटली पुरेशी असते.

बैठक संपवून वर अंगणात आले की हंगेरियन माणूस बहुधा एवढा वेळ पाळलेली शिस्त सोडतो आणि साध्या पांढऱ्या वाइनमध्ये सोडा ओततो. हे ‘फ्र्योच’. त्यालाही मापे आहेत : एक देत्सी वाइन आणि एक सोडा म्हणजे ‘लहान’, दोन वाइन, एक सोडा म्हणजे ‘मोठा’, एक वाइन, दोन सोडा म्हणजे ‘लांब पाऊल’, तीन वाइन, दोन सोडा म्हणजे ‘चाळीचा रखवालदार’, आणि दोन वाइन, तीन सोडा म्हणजे त्याचा मदतनीस.