खुलासा : भगतसिंगांची फाशी १४ फेब्रुवारीची नव्हे

व्हॅलेंटाइन डे जवळ आला की व्हॉट्सॲपवर ठरलेला मेसेज फिरू लागतो : ‘आजच्याच दिवशी भगतसिंग, सुखदेव, राजगुरूंना फाशी झाली आणि तुम्ही गुलाब वाटताय?’ कधी ‘फाशी’च्या जागी ‘शिक्षा सुनावली’ असतं. दोन्ही चूक. लाहोर कटाच्या खटल्यासाठी व्हाइसरॉय आयर्विनने वटहुकूम काढून खास न्यायाधिकरण नेमलं. त्याने शिक्षा सुनावली ७ ऑक्टोबर १९३० ला. फाशी ठरली होती २४ मार्चला, पण सरकारने ती आदल्या संध्याकाळीच, २३ मार्च १९३१ ला, लाहोरच्या तुरुंगात घाईघाईने उरकली. (राजगुरू तर पुणे जिल्ह्यातल्या खेडचे, निदान आपल्याकडे तरी तारीख चुकू नये.) १४ फेब्रुवारीला खरोखर घडला तो २०१९ चा पुलवामा हल्ला, त्यात सीआरपीएफचे ४० जवान शहीद झाले.